हप्ता परवडतो, मुदत परवडते का?

"ताई, मी ३० वर्षांचा. नाशिकच्या अंबडला एका कारखान्यात क्वालिटी विभागात आहे, हातात ४८ हजार येतात. बायको खासगी शाळेत शिकवते, तिचे १७ हजार. मुलगी सव्वा वर्षाची. सिडकोत ९ हजार भाड्याने राहतो. पाथर्डी फाट्याला टू बीएचके बघितलाय, ६५० फूट कार्पेट, ४० लाखांना. बांधकाम अजून चालू आहे. साठवलेले ११ लाख आहेत, ३० लाखांचं कर्ज लागेल. कर्ज करून देणारा एजंट म्हणतो, साडेआठ टक्क्यांनी ३० वर्षांचं घ्या, हप्ता २३ हजारच बसतो. २० वर्षांचं घेतलं तर २६ जातो. शिवाय टॅक्सही वाचतो. बिल्डरचा माणूस म्हणतो, सिंहस्थ झाला की हा भाव राहणार नाही. बाबा दिंडोरीकडे द्राक्षं करतात. त्यांनी मोबाइलवर हप्त्यांचा गुणाकार केला, ८३ लाख आले. तेव्हापासून 'सावकार बरा' म्हणून बसलेत आणि अर्धा एकर बाग विकून पैसे देतो म्हणतात. दसऱ्याला बुकिंग करायचं ठरवलं होतं. काय करू?"

बाबांचा गुणाकार बरोबर आहे, हे आधी सांगते. २३,०६७ रुपयांचे ३६० हप्ते, एकूण ८३ लाख ४ हजार. त्यातले ३० लाख तुम्ही उचललेले, उरलेले ५३ लाख व्याज. तेच कर्ज २० वर्षांचं घेतलंत तर हप्ता २६,०३५ आणि एकूण ६२ लाख ४८ हजार. म्हणजे एजंट तुमचे महिन्याला २,९६८ रुपये वाचवतोय आणि त्यापायी साडेवीस लाख जास्त मोजायला लावतोय. तो खोटं काही बोललेला नाही. त्याने फक्त महिन्याचा आकडा पुढे केला आणि वर्षांचा मागे ठेवला.

मी आयुष्यभर बँकेच्या काउंटरच्या आतल्या बाजूला बसले. गृहकर्जाला आलेल्या माणसाचा पहिला प्रश्न हमखास "हप्ता किती बसेल?" हाच असायचा. "पहिल्या हप्त्यातून कर्ज किती फिटेल?" असं विचारणारे बोटांवर मोजण्याइतके भेटले. तुम्ही विचारलं नाहीत, तरी मी सांगते.

३० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं २१,२५०. तीस वर्षांच्या कर्जात २३,०६७ रुपये भरले की त्यातून आधी हे व्याज जातं आणि मुद्दलात पडतात १,८१७. तुमचा फ्लॅट कार्पेटवर फुटाला साधारण ६,१५० रुपयांना पडतोय. म्हणजे पहिल्या महिन्यात तुमच्या मालकीची झाली एक फुटी फरशीच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी जागा. वीस वर्षांच्या कर्जात त्याच महिन्यात मुद्दलात ४,७८५ पडतात, म्हणजे पाऊण फरशी. हप्त्यात फरक तीन हजारांचा, पण ते तीन हजार सगळेच्या सगळे मुद्दलात जातात. व्याज दोन्हीकडे तेवढंच आहे.

पाच वर्षांनी बघा. तीस वर्षांच्या कर्जात तुम्ही १३ लाख ८४ हजार भरलेले असतील आणि बँकेचं देणं असेल २८ लाख ६५ हजार. इथेच लोकांना धक्का बसतो. पाच वर्षांनी बदली होते, घर विकायला काढतात, स्टेटमेंट मागवतात आणि काउंटरवर भांडायला येतात की आमचे पैसे गेले कुठे. कुठेही गेलेले नसतात, व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं एवढंच. वीस वर्षांच्या कर्जातही निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. तीस वर्षांच्या कर्जात २२ वर्षं ९ महिने. आणि ते पुरतं संपेल तेव्हा तुमची मुलगी आजच्या तुमच्यापेक्षा वयाने मोठी असेल.

आता बाबांच्या बाजूला जरा येते आणि जरा त्यांच्या विरोधातही जाते. त्यांना पीककर्ज माहीत आहे: हंगामाला उचलायचं, माल गेला की एकरकमी फेडायचं. त्या हिशेबात ३० चे ८३ म्हणजे दरोडाच. पण तीस वर्षांनंतरचा रुपया हा आजचा रुपया नाही. तुम्ही जन्मलात त्या वर्षी बागेत छाटणीला येणाऱ्या मजुराला रोज काय देत होता आणि आज काय देता, एवढं त्यांना विचारा. बाकीचं ते स्वतःच बोलतील. दुसरं, तुम्ही घर घेतलं नाही म्हणून वीस वर्षं फुकट राहणार नाही. आजचं ९ हजार भाडं दर वर्षी पाच टक्क्यांनी वाढलं तर वीस वर्षांत ३५ लाख ७० हजारांच्या घरात जातं. वीस वर्षांच्या कर्जाचं व्याज आहे ३२ लाख ४८ हजार. त्यात सोसायटीचा मेंटेनन्स, घरपट्टी, पाणीपट्टी, दर पाच-सात वर्षांनी रंग आणि गच्चीचं वॉटरप्रूफिंग घाला. भाडेकरूला पाणी गळलं तर तो मालकाला फोन करतो, तुम्हाला तो फोन करायला कुणी नसेल. ही बेरीज केली की घर आणि भाडं फार लांब राहत नाहीत. म्हणून "भाडं म्हणजे पाण्यात गेलेले पैसे" असं म्हणणाऱ्याचंही फारसं मनावर घेऊ नका. पाण्यात दोन्हीकडे जातात, एका बाजूला शेवटी भिंती उरतात. त्या भिंतींसाठी किती वर्षं बांधून घ्यायचं, एवढाच तुमच्या पत्रातला खरा प्रश्न.

साडेआठ टक्के हा आजचा दर आहे, वीस वर्षांचा करार नव्हे. माझ्या भाच्याने २०२१ च्या डिसेंबरात पावणेसात टक्क्यांनी ३० लाख घेतले, हप्ता २२,८११. तेव्हा रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहावर गेला. भाच्याचा दर झाला सव्वानऊ. हप्ता मात्र हलला नाही, म्हणून तो निवांत. एका रविवारी जेवायला आला होता, मी सहज त्याच्या मोबाइलवर कर्जाचं खातं उघडायला लावलं. हप्त्यातले साडेबावीस हजारांच्या वर व्याजात आणि मुद्दलात शे-दीडशे रुपये! त्या चालीने कर्ज फिटायला पन्नास वर्षांहून अधिक लागली असती. बँकेने हप्त्याला हात न लावता मुदत ताणली होती. एसएमएस आला असेल, पण ओटीपी आणि ऑफरच्या गर्दीत तो कोण वाचतो?

अशा तक्रारी वाढल्यावर रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम घातला. दर बदलून हप्ता किंवा मुदत बदलणार असेल तर बँकेने ते कळवायचं, आणि दर नव्याने ठरतो तेव्हा हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, थोडं थोडं दोन्ही करायचं, का काही रक्कम एकदम भरायची हे ग्राहकाला विचारायचं. स्थिर दराकडे जायचा पर्यायही तेव्हा द्यावाच लागायचा, ऑक्टोबर २०२५ पासून तो द्यायचा की नाही हे बँक ठरवते. २०२५ मध्ये रेपो खाली आला तेव्हा उलट गंमत झाली: ज्यांचं कर्ज रेपोला बांधलेलं होतं त्यांना फायदा आपोआप पोचला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधलेली असतात. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना ते बंधन नाही, त्या स्वतःचा दर धरून चालतात. तुमचा एजंट यातलं कुठलं कर्ज करून देतोय ते पत्रात नाही. आधी ते विचारा. अर्ध्या टक्क्याचा फरक म्हणजे महिन्याला ९५७ रुपये, वीस वर्षांत सव्वादोन लाखांवर.

आणखी एक कागद मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर 'केएफएस', म्हणजे मुख्य तथ्यांचं पत्रक द्यावंच लागतं, तेही तुम्हाला समजेल त्या भाषेत. मराठीत हवं म्हणा, लाजू नका. त्यात 'एपीआर' नावाचा एक आकडा असतो: व्याजात प्रोसेसिंग फी आणि कर्जाला चिकटवलेले बाकीचे खर्च धरून कर्ज वर्षाला खरं किती टक्क्यांना पडतं तो. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतल्या दराची करू नका, या आकड्याची करा. त्याच पत्रकासोबत परतफेडीचा तक्ता येतो, हप्त्याहप्त्याला मुद्दल किती आणि व्याज किती. तो छापून घ्या.

या कागदांत बऱ्याचदा एक विमा बसलेला असतो. "सरांनी सांगितलंय, कंपल्सरी आहे" असं म्हणत ८०-९० हजारांचा एकरकमी प्रीमियम कर्जातच घालतात, म्हणजे खिशातून गेल्यासारखं वाटत नाही. ९० हजार कर्जात घातले की वीस वर्षांत त्याचे १ लाख ८७ हजार होतात. कर्जासाठी बँकेचाच विमा घ्यायची सक्ती नाही. पण विमा नकोच, असं मात्र मी म्हणत नाही. घरात सव्वा वर्षाची मुलगी आहे, तुमच्या नावाने साधा टर्म प्लॅन वेगळा घ्या. कर्ज उद्या दुसऱ्या बँकेत हलवलंत तरी तो तुमच्याबरोबर राहील.

टॅक्सचं एजंटने सांगितलं ते तुमच्या बाबतीत पोकळ आहे. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावटच मिळत नाही. आणि २०२५-२६ पासून त्या पद्धतीत १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर तसाही कर भरावा लागत नाही. तुमच्या पगारावर करच नाही, तर वाचणार काय?

आता ११ लाखांकडे येऊ, कारण मला खरी काळजी तिथे वाटते. ४० लाखांच्या घरात ३० लाख बँकेचे, १० लाख तुमचे. उरला एक लाख. मुद्रांक शुल्क पाच टक्के म्हणजे २ लाख, त्यावर स्थानिक अधिभार वेगळा. नोंदणीचे ३० हजार. बांधकाम चालू असलेल्या घराला जीएसटी. नाशिकमध्ये ४५ लाखांपर्यंतच्या आणि ९० चौरस मीटर कार्पेटच्या आतल्या घराला तो एक टक्का, म्हणून तुमचे ४० हजार. (बिल्डर पाच टक्के मागत असेल तर तिथेच थांबवा.) हे घराच्या किमतीत धरून बँक सहसा कर्ज देत नाही, खिशातूनच जातं. मग प्रोसेसिंग फी, गहाणखताचं शुल्क, सोसायटीची अनामत, ग्रिल, पंखे, किचन ट्रॉली. दोन-अडीच लाख कमी पडणार हे मला इथे बसून दिसतंय. लोक ही भगदाडं पर्सनल लोनने बुजवतात, आणि २६ हजारांच्या हप्त्याला आणखी सात-आठ हजारांचं शेपूट लागतं. स्टॅम्प पेपर आपल्या नाशिकरोडच्या प्रेसमध्ये छापले जातात खरे, पण नाशिककर म्हणून आपल्याला सवलत नाही. सवलत बायकोच्या नावाला आहे: घर एकट्या स्त्रीच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्क एक टक्क्याने कमी, म्हणजे तुमचे ४० हजार. कर्जाला तुम्ही सहअर्जदार राहू शकता. घरात बोलून बघा.

शिवाय इमारत उभी व्हायची आहे. ताबा मिळेपर्यंत बँक टप्प्याटप्प्याने पैसे सोडते आणि तोवर उचललेल्या रकमेवर नुसतं व्याज घेते. निम्मं कर्ज उचललेलं असेल तर महिन्याला १०,६२५, त्यातला रुपयाही मुद्दलात नाही, आणि वर सिडकोचं भाडं ९ हजार. ताबा वर्षभर लांबला तर सव्वा लाखाच्या वर असेच जातात. महारेराच्या, म्हणजे बांधकाम प्रकल्पांवर देखरेख करणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाच्या, संकेतस्थळावर त्या प्रकल्पाची ताब्याची तारीख बघा. बिल्डरच्या माणसाने तोंडी सांगितलेली धरू नका.

अर्धा एकर विकायचं म्हणाल, तर बाबांना नको सांगा. ती जमीन त्यांचं उत्पन्न आहे आणि उद्या तुमच्या कंपनीत काही झालं तर तुमचाही आधार. पण त्यांना मदत करायचीच असेल तर वेळेचा हिशेब त्यांना माझ्यापेक्षा चांगला कळेल. एप्रिलच्या खरड छाटणीला झाडावर एक घड नसतो, नुसता खर्च. पण घड ठरतो तो तेव्हाच्या काडीत. ऑक्टोबरला कितीही खत-औषध ओतलं तरी एप्रिलचं राहिलेलं भरून निघत नाही. कर्जाचंही तसंच. वीस वर्षांच्या या कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख जादा भरले तर शेवटचे अठरा हप्ते उडतात. अठरा! म्हणजे एक लाख घालून साधारण ३ लाख ७० हजारांचं व्याज वाचलं. तोच एक लाख पंधराव्या वर्षी भरलात तर सहा हप्तेही पुरते उडत नाहीत, वाचतात पन्नास हजार. तेव्हा एखाद्या वर्षी माल चांगल्या भावाने गेला आणि बाबांनी लाखभर दिले, तर ते कर्ज लागल्यानंतरच्या पहिल्या तीन-चार वर्षांत यावेत. गारपिटीच्या भरवशावर आकडे मांडू नका मात्र. आले तर आले.

जादा रक्कम भरताना एक गोष्ट विसरू नका. बँकेत विचारतात, नाहीतर फॉर्मवर दोन चौकोन असतात: हप्ता कमी करायचा की मुदत? माणूस हप्त्यावर खूण करतो, कारण पुढच्या महिन्यापासून हजार रुपये मोकळे होतात. मुदतीवर खूण करा. नेटबँकिंगमधून भरलेत तर शाखेत लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. बदलत्या दराच्या कर्जावर व्यक्तीला असे पैसे भरायला दंड लागत नाही, कुणी मागितला तर लेखी मागा. बहुतेक वेळा मागणी तिथेच संपते.

तर माझं म्हणणं असं. या दसऱ्याला बुकिंग नको. सिंहस्थ २०२७ चा आहे, भाव वाढतीलही. पण त्या भीतीने तुम्ही पर्सनल लोनमध्ये पडलात तर वाढलेला भाव तुमच्या खिशात येणार नाही. त्याऐवजी येत्या पाच तारखेपासून नाटक करा. घर घेतलंय असं समजायचं, हप्ता २६ हजार. त्यातले ९ हजार भाड्यात जातातच, उरलेले १७ हजार त्याच तारखेला रिकरिंगमध्ये कापू द्या. बारा महिने. मध्ये मुलीचं आजारपण येईल, लग्नकार्य येईल, दिवाळी येईल. तरी एकही हप्ता न मोडता वर्ष निघालं तर २० वर्षांची मुदत तुम्हाला झेपते, हे एजंट नाही, तुमचं पासबुक सांगेल. आणि हातात २ लाख ४ हजार असतील, म्हणजे मुद्रांक शुल्काचं भगदाडही बुजलं. तोवर ताब्याला तयार असलेले, कंप्लिशन झालेले, म्हणजे बांधकाम पूर्ण झाल्याचा दाखला मिळालेले फ्लॅटही बघा. त्यांना जीएसटी नाही आणि भाडं-व्याज असा दुहेरी मारही नाही.

चार-पाच महिन्यांतच दमछाक झाली, किंवा बायकोच्या शाळेचा भरवसा वाटत नसेल, तर २५ वर्षांचं घ्या. हप्ता २४,१५७. पण दर वर्षी पगारवाढ झाली की हप्ता पाच टक्क्यांनी वाढवायचा, बँकेला पत्र देऊन. दर असाच राहिला तर कर्ज साडेतेरा वर्षांच्या आत संपतं. २० वर्षांच्या कर्जाला हेच केलंत तर सव्वाबारा वर्षांत, आणि व्याज साडेअकरा लाखांहून अधिक वाचतं. "तीस वर्षांचं घेऊन ठेवू, जमेल तसं जादा भरू" असंही काही जण म्हणतात. गणितात चूक नाही. तसं वर्षानुवर्षं करणारी माणसं मी फार थोडी पाहिली. जादाचे तीन हजार मोटरसायकलच्या हप्त्यात कधी गेले ते त्यांनाही कळत नाही. तुम्ही त्या थोड्यांतले असाल तर खुशाल घ्या.

परतफेडीचा तक्ता हातात आला की दिंडोरीला जाताना बरोबर न्या. बाबांना एकूण बेरीज दाखवू नका, ती त्यांनी केलेलीच आहे. वीस वर्षांच्या तक्त्यातली १६६ व्या हप्त्याची ओळ दाखवा, निम्मं कर्ज फिटतं ती. आणि विचारा, ही ओळ अलीकडे ओढायला कुठल्या वर्षी काय जमेल.